दर्याचा जबाब

खाडीवर पूल नव्हता, पलीकडे जायचं तर काठावर उभं राहून तरवाल्याला हाका माराव्या लागायच्या, त्या दिवसांतली ही गोष्ट. तेव्हा राज्य राणीचं होतं की राजाचं, हे आडखोल गावात कुणालाच नीट सांगता येत नाही. पण कचेरी होती. कचेरी होती, एवढं मात्र सगळे ठामपणे सांगतात.

आडखोलच्या मागे डोंगर आणि पुढे खाडी. मधली सपाटी देवानं दिलेली नाही. ती माणसांनी दर्याकडून मागून घेतलेली. जुन्या माणसांनी चिखलाचा बांध घातला, बांधात लाकडी दार बसवलं. ओहोटीला ते दार आपसूक उघडायचं आणि पावसाचं पाणी बाहेर जायचं. भरतीला ते मिटायचं आणि खारं पाणी बाहेरच राहायचं. त्या दाराला उघाडी म्हणतात. बांधाच्या आत राता पिकायचा. राता म्हणजे लाल तांदूळ, मिठाच्या मातीला न भिणारा. त्याची पेज प्यायलेलं पोर आजारी पडत नाही, असं म्हणतात.

या गावात हाशा म्हात्र्याची बायको होती, बारकूबाय. नावासारखीच अंगानं बारकी, पण तिच्यासारखी सोशिक बाई पंचक्रोशीत झाली नाही. सासू दिवसभर करवादायची, तर ही म्हणायची, "म्हातारीचे गुडघे दुखत असतील." म्हैस दुधाचं भांडं लाथाडायची, तर ही म्हणायची, "पाय अवघडला असंल गं तुजा." कुणी काही बोललं, टाकून बोललं, तरी बारकूबायच्या तोंडून एकच शब्द निघायचा, "बरं." तिचा आवाज शेजारच्या घरातही कधी ऐकू गेला नव्हता.

आता बारकूबाय लग्न होऊन यायच्या आधी काय झालं होतं ते सांगायला हवं. एका साली मोठं वादळ झालं आणि बांधाला खांड पडली. खारं पाणी आत शिरलं आणि शेतात उभं राहिलं. नेमके त्याच साली मोजणीवाले आले. त्यांच्या हातात साखळ्या होत्या, पायात बूट होते, आणि चिखलात उतरायचं त्यांच्या जिवावर आलं होतं. डोंगरावरच्या आंब्याखाली उभं राहून त्यांनी खाली बघितलं. पाणी दिसलं. त्यांनी बुकात लिहिलं, खाडी. मग शहाळी प्यायले आणि निघून गेले.

ते गेले आणि गावानं खांड बुजवली. बायका-पुरुष, पोरं-म्हातारे, सगळे चिखलाच्या पाट्या डोक्यावर घेऊन उभे राहिले. पाणी बाहेर काढलं. दोन पावसाळ्यांत माती धुतली गेली आणि राता पुन्हा डोलायला लागला. शेतातली खाडी बुजली. बुकातली मात्र बुजली नाही. पण बुक कोण बघतंय? वर्षानुवर्षं लोक खाडीत भात लावत होते आणि खाडीत भात कापत होते, आणि त्यांना त्याचा पत्ता नव्हता.

मग एके दिवशी गावात दवंडी आली. आडखोलची खाडी सरकारनं मिठागराच्या मक्तेदाराला दिली आहे. मीठ पिकवायला खारं पाणी लागतं, म्हणून मक्तेदार बांध फोडणार आहे. कुणी आडवं येऊ नये, हो!

लोक एकमेकांच्या तोंडाकडे बघायला लागले. "कुठली खाडी?" पोशा पाटलानं विचारलं. दवंडीवाल्यानं काठीनं दाखवलं. काठी पाटलाच्या स्वतःच्या भाताकडे वळली होती.

पुरुष कचेरीत गेले. आधी पाटील गेला. त्यानं कारकुनाच्या मेजावर मूठ आपटली, तर त्याला संध्याकाळपर्यंत कोंडून ठेवलं. मग पाटलाचा भाऊ गेला. त्यानं शिव्या दिल्या, तर अर्ज फाडून हातात दिला. एक जण गेला तो रडलाच, आणि काय सांगायला आलो होतो तेच विसरून परत आला. एवढं मात्र झालं की कुणाच्या तरी हातापाया पडून अर्ज दाखल झाला आणि हुकूम निघाला: जमिनीचा वर्ग कोणता, शेती की खाडी, याचा निकाल लागेपर्यंत बांधाला हात लावू नये.

आता निकाल लागायचा तर तारखांना जायला हवं. आणि जायचं तर राग न येणारं माणूस हवं. सगळ्या गावाच्या नजरा एकाच घराकडे वळल्या.

"सूनबाय, तूच जा," पाटील म्हणाला.

"मामंजी, मला लिवता वाचता येत नाय."

"लिवणाऱ्यांनी काय दिवे लावले? तुला राग येत नाय, तेवढं पुरे."

"बरं," बारकूबाय म्हणाली.

तेव्हापासून तिच्या खेपा सुरू झाल्या. पहाटे उठायचं, पेज करायची, तरीतून पलीकडे जायचं, मग चिखलाची वाट, मग धुळीची वाट, मग तालुक्याचं गाव आणि टेकाडावरची कचेरी. कचेरीच्या पायरीवर बसायचं. नाव पुकारलं तर आत जायचं. बहुतेक वेळा पुकारतच नसत. तोंडाला पाणी लावून परत फिरायचं.

कचेरीत अंताजी नावाचा कारकून होता. दुष्ट नव्हता, तसं कुणी म्हणत नाही. पण त्याचा बुकावर जेवढा विश्वास होता तेवढा स्वतःच्या डोळ्यांवर नव्हता. तो म्हणाला, "बाई, तिथं शेत आहे याला साक्षीदार आण."

तिनं गावातली म्हातारी माणसं आणली. अंताजी म्हणाला, "हे तर तिथलंच खाणारे. यांची साक्ष कशी धरायची?"

"बरं," म्हणून ती परत गेली, आणि खाडीपलीकडच्या गावची माणसं घेऊन आली. अंताजीनं विचारलं, "तुमच्यात सोयरीक आहे?" आहेच, मुली द्यायच्या-घ्यायच्या कुठं? "मग हे सोयरे. चालत नाही."

"बरं," म्हणाली, आणि पुढच्या खेपेला भाताच्या धसकटासकट शेतातली माती पाटीत घालून घेऊन आली. अंताजीनं पाटीकडे बघितलंसुद्धा नाही. "माती काय, कुठलीही आणता येते."

"मग कारकूनदादा, तुमीच या नि बगा."

हे मात्र साहेबाला पटलं. मामलेदारसाहेब स्वतः पाहणीला निघाले. पण निघाले कधी, तर आषाढात, लावणीच्या दिवसांत. शेताशेतात गुडघाभर पाणी साचलेलं, बायका वाकून रोपं लावतायत. साहेब बांधावर छत्री घेऊन उभे राहिले आणि म्हणाले, "अहो, पाणीच आहे की इथं!"

"सायेब, भात लावायचा तर पाणी नको काय?"

"पाणी ते पाणी," साहेब म्हणाले, आणि अंताजीनं ते लिहून घेतलं.

"सायेब, मग उन्हाळ्यात या. पाणी नसतं."

पुढच्या उन्हाळ्यात साहेब आले. जमीन भेगाळलेली, गवताची काडी नाही. साहेबांनी घाम पुसला. "इथं तर काहीच पिकत नाही. ही पडीक दिसते." अंताजीनं तेही लिहून घेतलं.

कापणीच्या वेळी या, असं सांगायला ती गेली तेव्हा त्या साहेबांची बदली झाली होती. नवे साहेब म्हणाले, "प्रकरण काय आहे? पहिल्यापासून सांगा."

बारकूबायनं पहिल्यापासून सांगितलं. नव्या साहेबांनी साक्षीदार मागितले. तिनं तेच म्हातारे पुन्हा नेले. त्यांतले काही आता नव्हतेच. पुन्हा सोयरे, पुन्हा माती. मग त्यांचीही बदली झाली. तिच्या येण्याजाण्यानं चिखलातून जी पायवाट पडली तिच्यावर भर पावसातसुद्धा गवत उगवत नसे, असं म्हणतात. तरवाल्यानं तिला हाक मारायलाच लावली नाही. तारीख असली की तो आपणहून होडी लावून उभा राहायचा.

एका तारखेला ती अशीच पायरीवर बसली होती. सकाळपासून बसली होती. माहेरच्या गावाहून निरोप घेऊन माणूस धावत आला की आय शेवटच्या घटका मोजतेय, चल. बारकूबाय आत गेली आणि अंताजीला म्हणाली, "दादा, माजं नाव आत्ता पुकारा, नाय तर मला जाऊ द्या."

"गेलीस तर गैरहजेरी लागेल. गैरहजेरी लागली तर निकाल मक्तेदाराच्या बाजूनं."

ती पुन्हा पायरीवर बसली. संध्याकाळी अंताजीनं बाहेर येऊन सांगितलं, साहेब आज येणार नाहीत, पुढची तारीख घे. ती माहेरी पोचली तेव्हा अंगणात लोक नुसतेच बसले होते. आय गेली होती.

तेव्हाही ती "बरं" म्हणाली का, हे कुणी सांगत नाही.

मग तिसरे साहेब आले. हे साहेब तडफदार होते; त्यांना जुनी प्रकरणं निकालात काढायची होती. ते म्हणाले, "चारी बाजूंच्या लगतदारांचे जबाब घ्या. ज्यांची हद्द या जमिनीला लागते त्यांनी सांगितलं की इथं आमचं काही नाही, की मी वर्ग बदलून देतो. शेवटची तारीख आश्विनातल्या पुनवेची. त्या दिवशी जबाब पुरे झाले नाहीत तर मक्तेदार बांध फोडायला मोकळा."

बारकूबायच्या पायांत बळ आलं. पूर्वेला डोंगरवाडीचा पाटील होता, त्यानं जबाब दिला. उत्तरेला शेजारचं गाव, त्यांनी दिला. दक्षिणेला देवाची जमीन. गुरवानं अंगठा उठवला. सगळं घेऊन ती कचेरीत गेली. अंताजीनं कागद लावले, बुक उघडलं, बोट फिरवलं आणि म्हणाला, "पश्चिमेचा जबाब राहिला."

"पश्चिमेला कोण नाय, दादा. पश्चिमेला दर्या हाय."

"तोच. त्याचा जबाब कुठाय?"

तिला वाटलं, थट्टा करतोय.

"बाई, नीट समजून घे," अंताजी म्हणाला. "बुकात ही जागा खाडी म्हणून लागली आहे. म्हणजे आज ती दर्याची. ज्याची जागा त्यानं सोडली असं म्हटल्याशिवाय ती दुसऱ्याची कशी करायची? मी नाही म्हणत, बुक म्हणतं."

कुणी म्हणतात तो हसत होता. कुणी म्हणतात त्याच्या तोंडावरची रेषा हलली नव्हती, आणि तेच जास्त भयंकर होतं. बारकूबायनं "बरं" म्हणायला तोंड उघडलं. शब्द आलाच नाही. आयुष्यात पहिल्यांदा आला नाही. ती वळली आणि चालू लागली.

दुपार कलली होती. भरती येत होती. ती घरी गेलीच नाही, सरळ बांधावर जाऊन उभी राहिली. तिनं पदर खोचला. आणि जी बाई कधी मोठ्यानं बोलली नव्हती तिनं तोंड उघडलं.

"ए दर्या! ऐकतोस काय? माज्या आजेसासऱ्यानं बांध घातला, तू फोडलास. सासऱ्यानं घातला, तू फोडलास. माजा दीर होडीसकट नेलास. कवा तुला एक शिवी दिली मी? तुजं काम तू करतोस, आमचं काम आमी करतो, म्हणून गप बसले. पण ही माणसं माजं शेत तुज्या नावावर लावून बसलीत. तू मागितलंवतंस काय? तुला काय राता लावायचाय? तुला काय भात कांडायचंय? साक्षीदार नेले, सोयरे नेले, मातीसुदीक डोक्यावरनं नेली. माजी आय गेली, नि मी त्या पायरीवर बसलेवते! बस झालं. वीट आला मला. आता मी नाय जायची. जमीन तुज्या नावावर, तर तारीखपण तुजीच. तूच जा, नि काय सांगायचं ते सांग!"

तो आवाज गावात घराघरात ऐकू गेला. फळीवरची भांडी थरथरली. बिळांतले खेकडे बाहेर आले आणि नांग्या वर करून उभे राहिले. आणि येणारी भरती, ती बोलत होती तेवढा वेळ, होती तिथं थांबून राहिली, असं म्हणतात.

पुनवेचा दिवस उजाडला. बारकूबायनं विळा घेतला आणि ती कापणीला निघाली.

"अगं, आज तारीख हाय," हाशा म्हणाला.

"ठावं हाय मला."

"मग?"

"ज्याचं काम हाय तो जाईल."

हाशानंही आपला विळा उचलला. बोलायची सोय नव्हती.

कचेरीत काय झालं ते तिथल्या शिपायानं पुढे जन्मभर सांगितलं. साहेब येऊन बसले. अंताजीनं बुक उघडलं. शिपायानं दारात उभं राहून पुकारा केला, "बारकूबाय हाशा म्हात्रे, हाजिर है?" कुणी आलं नाही. दुसऱ्यांदा पुकारलं. कुणी नाही. साहेबांनी दौतीत टाक बुडवला. आणि तेव्हा शिपायाला वास आला, खारा, ओला, बांधावर येतो तसा.

त्यानं मागे वळून बघितलं. टेकाडाखाली बाजार होता, आणि बाजारातून पाणी येत होतं. घाई नाही, लाट नाही, आवाज नाही. माणसानं चालत यावं तसं पाणी रस्त्यानं येत होतं. भाजीच्या टोपल्यांना त्यानं धक्का लावला नाही. टेकाड चढलं. कचेरीच्या पायऱ्या एकेक करून चढलं. ज्या पायरीवर बारकूबाय बसायची तिथं जरा जास्त वेळ थांबलं, असं शिपाई सांगायचा. मग उंबरा ओलांडून आत आलं आणि साहेबांच्या मेजापुढे उभं राहिलं. एक बोय मासा फरशीवर उडी मारून पुन्हा पाण्यात पडला.

अंताजी खुर्चीवर पाय वर घेऊन, बुक छातीशी धरून बसला होता.

"हे काय आहे?" साहेबांनी विचारलं.

शिपाई खाडीकाठचाच होता. तो म्हणाला, "सायेब, पश्चिमेचा लगतदार आलाय."

साहेब उठून उभे राहिले. टाक दौतीतच राहिला. पण माणूस कामाचा होता. त्यांनी पाण्याकडे बघितलं आणि रीतीप्रमाणे विचारलं, "आडखोलच्या बांधाआतल्या जमिनीवर तुमचं काही म्हणणं आहे?"

पाणी घटकाभर हललं नाही. मग एकदम वळलं आणि आल्या वाटेनं निघून गेलं. जाताना कचेरीतला एक कागदसुद्धा भिजवून गेलं नाही.

साहेबांनी टोपी घातली आणि अंताजीला म्हणाले, "चला."

ते बंदरावर गेले आणि होडीत बसले. फिरणाऱ्या पाण्यानं होडी अशी ओढून नेली की वल्ह्याला हातच लावावा लागला नाही. आडखोलला येऊन साहेब बांधावर चढले. एका बाजूला खाडी काठोकाठ भरलेली, बांधाच्या माथ्याला टेकलेली. एवढं मोठं उधाण कुणी बघितलं नव्हतं. आणि दुसऱ्या बाजूला, हातभर खाली, कोरड्या जमिनीवर राता उभा. लाल लोंब्या वाऱ्यानं हलत होत्या. पाणी बांधापाशी उभं होतं आणि एक थेंब आत येत नव्हता.

बारकूबाय कापत होती. तिनं मान वर केली नाही.

"बाई," साहेब म्हणाले, "जबाब झाला."

"मग लिवा," ती म्हणाली. "हितंच लिवा. माज्यासमोर."

अंताजी बांधावर मांडी घालून बसला. त्यानं बुक उघडलं, 'खाडी' या शब्दावर काट मारली. मग त्याचा हात थांबला. "साहेब, वर्ग कोणता लिहायचा? खार लिहू, जिरायत लिहू, की तूर्त प्रलंबित..."

बारकूबायनं विळा हातात तसाच ठेवून त्याच्याकडे बघितलं. नुसतं बघितलं. अंताजीनं शेती लिहिलं, पीक भात लिहिलं, आणि बुक मिटलं. मक्तेदार पुन्हा त्या गावात दिसला नाही. पुढे कुणीतरी असंही सांगतं की पाणी कचेरीत आलं होतं ही नोंद अंताजीनं इमानानं केली, आणि त्यामुळे कचेरीची जागाच बरीच वर्षं बुकात खाडी म्हणून चालत होती. खरंखोटं देव जाणे.

संध्याकाळी सगळं गाव हाशा म्हात्र्याच्या अंगणात गोळा झालं. ढोल आणला, नारळ आणले. पोशा पाटील आता थकला होता, तो काठी टेकत पुढे आला आणि म्हणाला, "सूनबाय, तू गाव राखलंस. तुज्यासारखं सोशिक माणूस होतं म्हणून झालं."

बारकूबाय ओट्यावर बसली होती. तिचे हात कापणीनं सोलवटले होते.

"मामंजी," ती म्हणाली, "मला राग येत नाय म्हणून तुमी मला धाडलंत. साक्षीला बोलावलं तवा आलात. संगतीला कवा कोण आलं नाय. मी एकटी जायची, एकटी बसायची, एकटी यायची. माजी आय गेली तवा त्या पायरीवर माज्या जागी बसायला कोण नव्हतं." जरा थांबून ती म्हणाली, "दर्या आला. तुमी नाय आलात."

ढोल वाजलाच नाही. लोक एकेक करून घरी गेले.

त्यानंतर बारकूबाय पुष्कळ वर्षं जगली. "बरं" हा शब्द तिच्या तोंडून पुन्हा कुणी ऐकला नाही. नको असलं की ती नाय म्हणायची, आणि सगळ्यांनी ऐकावं असं म्हणायची. ती गेली त्या दिवशी भरती बांधापाशी आली आणि ओहोटीची वेळ झाली तरी बराच वेळ परत गेली नाही, असं म्हणतात.

आता खाडीवर पूल आहे, कचेरीची इमारत नवी आहे, आणि बुकं यंत्रात गेली आहेत. पण आडखोलच्या कुणा माणसाला तारीख असली, सातबारा असो, हद्दीचं भांडण असो, नाही तर नुसता दाखला असो, त्याला गाव एकटं जाऊ देत नाही. आदल्या दिवशी निरोप फिरतो. सकाळच्या एस्टीला घरटी एक माणूस येऊन उभं राहतं. ज्याचं काम तो आत जातो, बाकीचे बाहेर पायऱ्यांवर बसतात. ऊन चढतं. मग आतला कारकून बाहेर येतो आणि कातावून विचारतो, "काम एकाचं, आणि एवढे सगळे कशाला आलात?"

बायका फडकी सोडतात, लाल तांदळाच्या भाकऱ्या वाटतात, आणि थोडं सरकून त्यालाही बसायला जागा करून देतात.